चहाच्या फिती

वाकड्या बोटाची मादी गवतातून बाहेर आली, कडेच्या म्हाताऱ्या नरासमोर थांबली, अंगावरचं दव झटकायला गेली आणि तोल जाऊन एका पायावर दोनदा उडाली, तेव्हा पडद्यासमोर बसलेल्या बाईचा हात बटणावर होता तसाच राहिला. फीत नवी होती. डबीवर सहाशे अठरा नंबर होता, या हंगामाची तारीख होती, आणि अर्ध्या तासापूर्वीच ती तिच्या टेबलावर आली होती. पण हे उडणं तिने पाहिलेलं होतं. मादी ओळखीची असण्यात नवल नव्हतं. नऊ वर्षं त्याच माळावरचे तेच पक्षी रोज पडद्यावर पाहिले की सख्ख्या नात्यातल्या बायकांपेक्षा त्या माद्यांच्या चाली माणसाला जास्त पाठ होतात. पण कुठलाही पक्षी तेच उडणं दोनदा उडत नाही. त्या वेळी म्हाताऱ्याने फुगवलेला गळा तसाच ठेवून, भर सभेत भाषण विसरलेल्या माणसासारखं तिच्याकडे पाहिलं होतं, आणि ती या खोलीत एकटीच मोठ्याने हसली होती. आताही म्हाताऱ्याने तसंच पाहिलं. ती हसली नाही. टेबलावर तिचा चहाचा कप होता, अर्धा प्यालेला, अजून कोमट. शेजारी त्याचा, रिकामा.

काम म्हटलं तर सोपं होतं, म्हटलं तर डोळ्यांची वाट लावणारं. शहरापासून लांब एका गवताळ माळावर हंगामात रोज पहाटे तीस-पस्तीस नर जमत. प्रत्येकाची चार पावलांची जागा ठरलेली. तिथे उभं राहून गळा फुगवायचा, पाय आपटायचे, शेपटीचा पंखा करायचा, शेजाऱ्याच्या अंगावर धावून जायचं, आणि परत आपल्या जागी येऊन पहिल्यापासून सुरुवात. ऑफिसात सगळे या जागेला आखाडा म्हणत. माद्या येत त्या बाजारात नुसतं बघायला आल्यासारख्या, घाई नाही, कौतुक नाही. आणि सगळ्यांसमोरून फिरून झालं की दहातल्या नऊ जणी मधल्या एका-दोघांपाशीच थांबत. बाकीचे हंगामभर नाचून कोरडेच परत. छुपे कॅमेरे हे सगळं टिपत, आणि कुठली मादी कुठल्या नरापाशी किती वेळा थांबली ते तिने तक्त्यात भरायचं. सकाळी जुने तक्ते पक्के करायचे, चारला नवी फीत लावायची, सहापर्यंत बघायची. सगळा अभ्यास ज्याचा होता त्याला लोक डॉक्टर म्हणत. त्याचं म्हणणं असं की तरुण मादी स्वतः निवडत नाही. दुसरी कुठे थांबली ते बघते आणि तिथे जाऊन थांबते. ती बोलताना त्याला डॉक्टर आणि तुम्ही म्हणायची. मनात तो नुसता तो होता, आणि त्याबद्दल तिने कुणाची परवानगी घेतली नव्हती.

तो चार वाजता येई, हातात दोन कप घेऊन. तिचा बिनसाखरेचा. रोज नाही. लागोपाठ तीन दिवस आला, मग आठवडाभर पत्ता नाही, मग एकदम सोमवारी, असं. या येण्याचा हिशेब लावण्यात तिची नऊ वर्षं गेली होती. निळे कपडे घातले त्या दिवशी आला, म्हणून निळं चांगलं. केस कापले त्याच्या दुसऱ्या दिवशी आला नाही, म्हणून केस वाढवले. एकदा तिने त्याच्या बोलण्यात चूक काढली, त्यानंतर अकरा दिवस तो फिरकला नाही, तेव्हा तिने आपली जीभ आवरायला शिकून घेतली. ताई म्हणाली होती, अलीकडे तू फार मवाळ झालीस, बरं नाही का वाटत? दार उघडायच्या आधी तो दारावर बोटाची पेरं दोनदा वाजवी. त्या आवाजाची वाट बघत पावणेचारपासून ती तक्त्यावरची एकच ओळ पुन्हा पुन्हा लिही. रोज येतो तो दूधवाला, असं ती स्वतःला सांगे. जो कधीतरी येतो तो मनापासून येतो. मनातल्या मनात मांडे खायला कुणाचं काय जातं. आल्यावर तो आधी घरचं विचारी, आईचं पाय दुखणं, ताईच्या मुलीची परीक्षा, मग टेबलाला टेकून उभा राहून पक्ष्यांवर एखादं वाक्य बोले. हा मधला यंदा काही औरच आहे. कडेचा म्हातारा संपला आता. आणि कप तिथेच ठेवून जाई. दहा मिनिटं. आजही आला होता. जाताना म्हणाला होता, सगळ्या माद्या मधल्यावर तुटून पडल्यात म्हणे, बघा बरं तुम्हाला काय दिसतं.

तिने फीत मागे नेली, पुन्हा पाहिली, पुन्हा मागे नेली. मग डबी उचलून ती तळमजल्यावर मामांकडे गेली. फितींची कपाटं सांभाळणारे मामा तीस वर्षं त्याच खुर्चीत बसले होते आणि जगातल्या कुठल्याही गोष्टीला त्यांचं पहिलं उत्तर 'नाही' असे. ही फीत जुनी आहे, ती म्हणाली. मामांनी डबी घेतली, चष्मा कपाळावर सरकवला, नंबर वहीत पाहिला, आणि या खेपेला नाही म्हणाले नाहीत.

"उलटी करायची राहिली वाटतं," ते म्हणाले. "एरवी डावीकडचं उजवीकडे करून देतो आपण. डॉक्टरांनी तुम्हाला सांगितलं का बाई? या महिन्यात तुम्हा तिघांनाही सांगायचंच होतं म्हणे."

"हो, सांगितलं," ती म्हणाली. इतक्या सफाईने खोटं ती आयुष्यात बोलली नव्हती. मग मामांनी, जुना नंबर बघायला म्हणून, खालच्या खणातून एक जाड फाईल काढून तिच्या पुढ्यात ठेवली आणि हातानेच उघडून दिली. पुठ्ठ्यावर मामांच्याच ठसठशीत अक्षरात लिहिलं होतं: चहाच्या फिती.

ताकाला जाऊन भांडं लपवतात ते एक वेळ समजू शकतं. इथे भांडं नऊ वर्षं रोज तिच्या टेबलावर ठेवलेलं होतं आणि त्यातून ती पीत होती. तिने फाईल पिशवीत घालून घरी नेली, आणि ताईला डोकं दुखतंय सांगून खिडकीशी बसून पानं उलटली. अजून उजेड होता. समोरच्या गच्चीवर कुणीतरी कपडे काढत होतं. पानांवर रकाने होते. तारीख. फीत. पहिली खेप की दुसरी. चहा: हो, नाही. आणि शेवटचा, रुंद रकाना: काय सांगितलं. 'मधल्या नराची स्तुती.' 'कडेच्या नराची निंदा.' 'आधी घरची विचारपूस, दोन मिनिटं, मग सहज.' त्याचं बारीक, नीटस अक्षर. तिने ज्या वाक्यांना इतकी वर्षं उशाशी ठेवलं होतं ती सगळी तिथे होती, तारीखवार, एकही न गाळता. पहिल्या पानावर पद्धत लिहिली होती. फीत मोजणाऱ्याला एकदा चहाशिवाय दाखवायची. काही महिन्यांनी तीच, उलटी करून, नवा नंबर देऊन, आधी चहा आणि बोलणं करून दाखवायची. मोजणारा ऐकलेलं बघतो का, हे पाहायचं. कुठल्या दिवशी चहा न्यायचा ते चिठ्ठी टाकून ठरवायचं, म्हणजे आपल्या मनाचा कल त्यात येणार नाही.

हे शेवटचं वाक्य तिने किती वेळा वाचलं कोण जाणे. आपल्या मनाचा कल त्यात येणार नाही. म्हणजे निळ्या कपड्यांचा दिवस चिठ्ठीचा होता. केस कापल्यानंतरचा न आलेला दिवस चिठ्ठीचा होता. ते अकरा दिवस, ज्यांत तिने आपल्या स्वभावाचा एक चांगला धारदार तुकडा कापून टाकला होता, ते अकरा दिवस कुणीतरी डब्यात हात घालून काढलेल्या कागदाच्या घड्या होत्या. तो रागावला नव्हताच. त्याला आठवतही नसणार. आणि घड्याळवाला. तीन वर्षांपूर्वी ताईने एक घड्याळं दुरुस्त करणारा गृहस्थ आणला होता, बायको गेलेला, शांत, नाकासमोर चालणारा. दोनदा येऊन बसला होता, आणि दुसऱ्या वेळी त्याने तिच्या मनगटावरचं घड्याळ न विचारता काढून घेऊन, चार मिनिटं मागे आहे, म्हणून नीट करून परत बांधलं होतं. तिने नाही म्हटलं. का, ते ताईला सांगता आलं नाही. त्याच आठवड्यात ऑफिसात डॉक्टर चार दिवस चहा घेऊन आला होता, आणि तिला वाटलं होतं याला कुणकुण लागली की काय. तिने पानं मागे उलटून तो आठवडा शोधला. चार वेळा 'हो'. दुसऱ्या दिवसापुढे लिहिलं होतं: 'क्रमांक दोन आज फार खुशीत. कारण कळलं नाही. आकड्यांवर परिणाम?'

क्रमांक दोन ती होती. एक होती शेजारच्या खोलीतली चष्मेवाली, आणि तीन म्हणजे कोपऱ्यात बसणारे निवृत्त मास्तर. रकाने तिघांचे होते, कपही तिघांना, एका दिवशी एकालाच. चष्मेवाली दुपारी साडेतीनच्या सुमारास पर्समधला छोटा आरसा काढून केस सारखे करायची, आणि ते बघून तिला तिची दया यायची, अगदी मनापासून. बिचारी, कुणासाठी करते, असं वाटायचं. मास्तर तर सगळ्यांना सांगत की डॉक्टर माझा सल्ला घेतल्याशिवाय पाऊल टाकत नाहीत, चार वाजता येतातच. तेव्हा ती मनात हसली होती. आता हसायला कुणी उरलं नव्हतं. आपण एकट्या मधल्या जागी उभ्या आहोत आणि बाकीचे कडेला, असं तिघांनाही वाटत होतं, आणि आखाड्यात मधे कुणीच नव्हतं.

तिचे आकडेही होते. एका फितीत सात माद्या: चहाशिवाय पाहिल्या तेव्हा तिने चार म्हाताऱ्याला दिल्या होत्या, तीन मधल्याला. चहानंतर म्हाताऱ्याला एक, मधल्याला सहा. तीच फीत. असं पानामागून पान. मादी दोघांच्या मधे उभी राहते, तेव्हा ती कुणाची, हे मोजणाऱ्याने ठरवायचं असतं. आणि तिने ते त्याच्या तोंडाकडे बघून ठरवलं होतं, त्याचं तोंड खोलीत नसताना. आपले डोळे लबाड नाहीत, एवढी एकच फुशारकी तिने आयुष्यात बाळगली होती. आई म्हणायची, हिला काही लपवून दाखवू नका, हिला भिंतीपलीकडचं दिसतं. भिंतीपलीकडचं जाऊ दे. त्यातही जे सगळ्यात खोल गेलं ते वेगळंच होतं. दव झटकणाऱ्या मादीची गंमत तिने त्याला त्यानंतरच्या चहाला सांगितली होती, हातवारे करून, उभं राहून, एका पायावर उडून दाखवून; तोही हसला होता. ऐकलं असतं तर ही फीत तिला पुन्हा ओळखू येईल हे त्याला कळलं असतं आणि त्याने ती बाजूला काढली असती. त्याने ऐकलंच नव्हतं. तो तिचं हसणं संपायची वाट बघत होता, मग वाक्य बोलायला.

एक दिवस मात्र फाईलमध्ये नव्हता. तिने तीनदा पाहिलं. आई गेली त्याच्या चौथ्या दिवशी तो घरी आला होता. संध्याकाळी नव्हे, भर सकाळी, काम सोडून. पुढच्या खोलीतल्या डुगडुगणाऱ्या खुर्चीवर दोन तास बसला, फारसं बोलला नाही, पक्ष्यांचं तर अवाक्षर काढलं नाही. निघताना ताईला म्हणाला, यांना जपा. त्या दिवसापुढे रकाना नव्हता, हो नव्हतं, नाही नव्हतं. फाईल मिटताना तिने तो दिवस बाजूला काढून ठेवला. सगळं घर जळालं तरी माणूस एखादी वस्तू हातात धरून बाहेर येतो, तसा तो दिवस घेऊन ती दुसऱ्या दिवशी त्याच्या खोलीत गेली.

तो घाबरला नाही, ओशाळलाही नाही. उलट ओझं उतरल्यासारखा दिसला. बसा म्हणाला. याच महिन्यात तिघांना एकत्र बसवून सांगणार होतो, म्हणाला. हे आधी सांगून करता येत नाही, सांगितलं की माणूस सावध होतो. रुजू झालात त्या दिवशी आठ कागदांवर सह्या केल्या होत्या, त्यातला एक याचा होता, आणि तो खणातून काढून त्याने तिला दाखवला. सही तिचीच होती. नवी नोकरी लागलेल्या बाईची, शेवटच्या अक्षराला उगाच वेलांटी दिलेली. मग तो बोलत सुटला. माद्या एकमेकींचं बघून निवडतात हे जगात पुष्कळांना माहीत आहे, पण बघणारेही तसेच असतील तर आपण आजवर काय मोजत आलो, हा खरा प्रश्न. आणि त्याचं उत्तर त्याच्याकडे होतं. तिघांनी एक कागद भरून द्यायचा, की आमची मोजणी छापायला हरकत नाही. नियमच आहे तसा. त्याचे डोळे चमकत होते. इतक्या वर्षांत तिने ते इतक्या जवळून कधी पाहिले नव्हते.

"तुमचे आकडे तिघांत सगळ्यात सुंदर आहेत," तो म्हणाला.

तिच्या कुठल्याही गोष्टीला सुंदर म्हणायची त्याची ही पहिलीच वेळ होती. मग तिने विचारलं, "आई गेली तेव्हा तुम्ही घरी आला होतात. तो दिवस कागदात नाही."

तो आठवू लागला. खोटं बोलणाऱ्यातला तो नव्हता. नऊ वर्षं चिठ्ठीबाहेर एक पाऊल न टाकणारा माणूस, त्याने खरंच डोळे मिटून आठवलं.

"मामा म्हणाले होते, बाई आता नोकरी सोडून बहिणीकडे कायमच्या जाणार," तो म्हणाला. "तुमच्या निम्म्या फितींची दुसरी खेप राहिली होती. वाटलं, एकदा जाऊन यावं." आणि तिच्या चेहऱ्यावर काय होतं कोण जाणे, पण त्याने घाईने पुढे जोडलं, "म्हणजे, वाईटही वाटलं होतं."

केसाने गळा कापणं म्हणतात ते असं असतं, की कापणाऱ्यालाही पत्ता नसतो. तिला त्याचा राग यावा असं वाटत होतं, पण राग यायला समोर माणूस लागतो. चोरून बघणारा असता तरी चाललं असतं. कुणी भिंतीला भोक पाडून नऊ वर्षं आपल्याला बघतंय, तर त्यात निदान बघणं आहे. याने तिला पाहिलंच नव्हतं. तो संध्याकाळी तिचा तक्ता बघत होता. निळे कपडे, वाढवलेले केस, गिळून टाकलेली वाक्यं, हे सगळं कुणासमोर चाललं होतं? त्या कडेच्या म्हाताऱ्याची निदान एखादी मादी वाट चुकून तरी समोर येते. ती म्हणाली, मला विचार करायला वेळ द्या. तो म्हणाला, हवा तेवढा घ्या. आणि ती दारापर्यंत गेल्यावर, आवाज जरा खाली आणून म्हणाला, तुमच्याशिवाय बाकी दोघांवर हे उभं राहत नाही.

दुसऱ्या दिवशी चार वाजता तो दोन कप घेऊन आला. त्याच्या दुसऱ्या दिवशीही आला. सोमवारी आला, मंगळवारी आला. चिठ्ठी नव्हती, रकाना नव्हता. नऊ वर्षांत पहिल्यांदा तो निव्वळ तिच्यासाठी येत होता आणि तिला ते माहीत होतं. इस्त्रीचा शर्ट घालून येई. पक्ष्यांचं बोलत नसे. सोमवारी त्याने स्वतःच्या लहानपणची गोष्ट सांगितली, झाडावरून पडून हात मोडल्याची, आणि बाही वर करून कोपरावरची खूण दाखवली. मंगळवारी खुर्ची ओढून बसला, वीस मिनिटं. ताईच्या मुलीचं नाव त्याला ठाऊक होतं. मधेच थांबून तिच्याकडे बघे, काही फरक पडतोय का ते बघायला, आणि पुन्हा सुरुवातीपासून करी. तिच्या लक्षात आलं की आपण त्याला त्याच नजरेने बघतो आहोत जिने पडदा बघतो, घाई नाही, कौतुक नाही. आणि तिच्या हेही लक्षात आलं की कोपरावरची ती खूण बघायला आपण खुर्चीतून पुढे वाकलो होतो, आणि शरम वाटली. ताईला तिने यातलं अक्षर सांगितलं नव्हतं. ताई फक्त म्हणाली, काय गं, आठ दिवस झाले, तू कुणाशी भांडतेयस?

बुधवारी सकाळी तिने कागद भरला. छापील दोन ओळी होत्या. हरकत नाही, आणि हरकत आहे. तिने दुसरीखाली सही केली, नऊ वर्षांची आपली सगळी मोजणी मागे घेतली, आणि कागद मामांच्या हाती वर पाठवला. वेलांटी दिली नाही. मामांनी वाचला, एकदा तिच्याकडे पाहिलं, आणि नाही म्हणायला उघडलेलं तोंड मिटून जिना चढू लागले. दुपारी तो तिच्या दारावरून दोनदा गेला. त्याचा चेहरा उतरलेला होता. नऊ वर्षांच्या कामावर पाणी पडलेल्या माणसाचा असतो तसा, आणि तिला वाईट वाटलं, खरोखर वाटलं, त्याच्यापेक्षा जास्तच. तो आत आला नाही. चार वाजता आला नाही. यायचं काही कारणच उरलं नव्हतं, आणि हे कळायला तिला आता फाईल लागत नव्हती.

गुरुवारी तिने सकाळचे तक्ते पक्के केले. तो कधीच येणार नाही, हे तिला तिच्या नावाइतकं पक्कं ठाऊक होतं. ते तिनेच स्वतःच्या हाताने सही करून ठरवलं होतं. नवी फीत डबीतून काढून तिने समोर ठेवली. पावणेचारला तिच्या लक्षात आलं की आपण तक्त्यावर एकच ओळ तिसऱ्यांदा लिहितोय. चार वाजले. तिने फीत लावली नाही. पेन खाली ठेवलं, श्वास धरला, आणि बाहेरच्या वाटेवर जी पावलं वाजत होती ती कुणाची आहेत ते ऐकत बसली.